बाराव्या पानावरची बातमी

मनन : लूककृत शुभवर्तमान १०:२५-३७



जानेवारीच्या शेवटच्या आठवड्यात दोन दिवस जवळजवळ येतात. २४ जानेवारीला ख्रिस्तसभा संत फ्रान्सिस डी सेल्स यांचे स्मरण करते. सोळाव्या शतकाच्या अखेरीस ज्या भागातले लोक त्यांचे प्रवचन ऐकायला येत नव्हते, तिथे या तरुण धर्मगुरूंनी पत्रके लिहिली आणि ती घरोघरी दाराच्या फटीतून आत सरकवली. म्हणूनच १९२३ साली पोप पायस अकरावे यांनी त्यांना लेखकांचे व पत्रकारांचे आश्रयदाते संत ठरवले. त्यानंतर तीनच दिवसांनी २७ जानेवारी येतो. १९४५ साली याच दिवशी पोलंडमधील औश्वित्झची मृत्युछावणी सोव्हिएत सैन्याने मुक्त केली. २००५ साली संयुक्त राष्ट्रसंघाने हा दिवस हिटलरच्या राजवटीत मारल्या गेलेल्या साठ लाख यहुदी लोकांच्या स्मरणाचा दिवस म्हणून जाहीर केला.

हे दोन दिवस शेजारी ठेवले की एक प्रश्न आपल्यापुढे उभा राहतो. हे सारे घडत असताना वर्तमानपत्रे काय करीत होती? त्यांना ठाऊक नव्हते का?

उत्तर सोपे आहे, पण ते पचायला जड आहे. पुष्कळसे ठाऊक होते. पुष्कळसे छापलेही होते.

चांगल्या शोमरोनीचा दाखला आपण लहानपणापासून ऐकत आलो आहोत. यरुशलेमहून यरीहोला जाणाऱ्या वाटेवर एक माणूस अर्धमेला पडला आहे. याजक येतो, लेवी येतो. त्या दोघांनी त्याला पाहिलेच नाही असे प्रभू येशू म्हणत नाही. दोघांनीही पाहिले, असे संत लूक स्पष्ट नोंदवतो. पाहिले आणि दुसऱ्या बाजूने निघून गेले. दोघांचा दोष पाहिल्यानंतर सुरू होतो. आज आपण जे मनन करणार आहोत ते याच एका गोष्टीवर.

शब्दाने केलेले पाप

मिस्साच्या आरंभी आपण पापांची कबुली देतो तेव्हा चार दारे उघडतो : विचार, शब्द, कृती आणि जे करायला हवे होते ते न करणे. वर्तमानपत्रांच्या बाबतीत दुसरे आणि चौथे दार विशेष महत्त्वाचे आहे.

आधी शब्दाचे पाप पाहू. जर्मनीतील न्यूरेंबर्ग शहरात युलियस स्ट्रायखर नावाच्या माणसाने १९२३ साली ‘डेर श्ट्युर्मर’ नावाचे साप्ताहिक सुरू केले. यहुदी लोकांची विद्रूप व्यंगचित्रे, त्यांच्याविषयीच्या घाणेरड्या कथा, ख्रिस्ती बालकांचा ते बळी देतात असली मध्ययुगीन खोटी किटाळे, हाच त्याचा मजकूर. ज्यांना ते विकत घ्यायचे नव्हते त्यांच्यासाठी गावोगावी, चौकांत, बसथांब्यांजवळ पेट्या उभारून अंक लावले जात. शाळेत जाणारी मुले येताजाता ती चित्रे पाहत. हिटलर १९३३ साली सत्तेवर आला आणि त्याच वर्षीच्या ऑक्टोबरात संपादकांविषयीचा कायदा झाला. त्यानुसार यहुद्यांना वर्तमानपत्रात काम करण्याची बंदी झाली आणि उरलेल्या पत्रांना सरकार सांगेल तेच लिहावे लागले.

स्ट्रायखरने स्वतःच्या हाताने कोणाला गॅसकोठडीत ढकलले नव्हते. तरीही १९४६ साली न्यूरेंबर्गच्या आंतरराष्ट्रीय न्यायालयाने त्याला मानवतेविरुद्धच्या गुन्ह्यासाठी दोषी ठरवून फाशीची शिक्षा दिली. त्याने वर्षानुवर्षे लोकांच्या मनात विष कालवले, असे न्यायाधीशांचे म्हणणे होते. त्याला हत्याकांडाची माहिती होती, हेही न्यायालयाने नमूद केले. कशावरून? तो स्वित्झर्लंडमधून निघणारे एक यहुदी साप्ताहिक नियमित वाचत असे आणि त्यात मृतांच्या बातम्या येत असत. एकाच टेबलावर ती बातमी होती आणि त्याच टेबलावर तो पुढचे विष लिहीत होता.

परंतु हे पाप फक्त जर्मनीचे किंवा फक्त नास्तिकांचे, असे म्हणून आपल्याला मोकळे होता येत नाही. फ्रान्समधील ‘ला क्रुआ’ हे आपल्याच एका धर्मसंघाचे दैनिक. त्याच्या नावाचा अर्थच क्रूस. १८९० साली त्याने स्वतःला देशातील सर्वांत कडवे यहुदीविरोधी कॅथलिक वर्तमानपत्र म्हणून अभिमानाने मिरवले. अमेरिकेत मिशिगन राज्यात फादर चार्ल्स कॉफलिन हे एका धर्मग्रामाचे प्रमुख धर्मगुरू होते. रेडिओवरून लाखो लोक त्यांना ऐकत. त्यांच्या ‘सोशल जस्टिस’ साप्ताहिकाने १९३८ साली ‘प्रोटोकॉल्स’ हा कुप्रसिद्ध मजकूर छापला. जग ताब्यात घेण्याचा यहुद्यांचा गुप्त कट म्हणून तो फिरवला जात होता. तो सपशेल बनावट आहे, दुसऱ्याच एका पुस्तकातून उचललेला आहे, हे लंडनच्या ‘टाइम्स’ने १९२१ सालीच पुराव्यानिशी दाखवून दिले होते. सतरा वर्षे उलटल्यावर एका धर्मगुरूच्या पत्राने तीच लबाडी नव्याने वाटली. अखेर १९४२ साली सरकारच्या आणि त्यांच्या आर्चबिशपांच्या आदेशाने ते साप्ताहिक बंद पडले. आठवी आज्ञा शेजाऱ्याविरुद्ध खोटी साक्ष देण्यास मनाई करते. ती आज्ञा छापखान्यालाही लागू आहे, आणि वेदीवर उभ्या राहणाऱ्यालाही.

जे करायचे राहिले

आता चौथे दार. इथे खोटे कोणी लिहिले नाही, म्हणून हे पाप ओळखायला अवघड आहे.

मे १९४२ मध्ये पोलंडमधील यहुदी कामगारांच्या ‘बुंद’ या संघटनेने गुप्तपणे एक अहवाल लंडनला पोहोचवला. सात लाख यहुदी मारले गेले आहेत, असे त्यात म्हटले होते. २५ जून १९४२ रोजी लंडनच्या ‘डेली टेलिग्राफ’ने ही बातमी छापली. फिरत्या गॅसगाड्यांचा उल्लेखही त्यात होता. बातमी आली पाचव्या पानावर. पुढे २४ नोव्हेंबरला अमेरिकेतील यहुदी धर्मगुरू स्टीफन वाइज यांनी पत्रकारांना बोलावून वीस लाख लोक मारले गेल्याचे सांगितले. ‘न्यूयॉर्क टाइम्स’मध्ये ती बातमी दहाव्या पानावर गेली. १७ डिसेंबरला मात्र अकरा दोस्त सरकारांनी एकत्रित निषेध जाहीर केला, ब्रिटनच्या संसदेत सदस्य स्तब्ध उभे राहिले, आणि ती बातमी पहिल्या पानावर आली. पण काही दिवसांतच ती पुन्हा आत सरकली.

१९४४ च्या मे महिन्यापासून हंगेरीतून यहुद्यांनी भरलेल्या आगगाड्या औश्वित्झकडे सुटू लागल्या. आठ आठवड्यांत सुमारे चार लाख सदतीस हजार माणसे नेली गेली. बहुतेकांना पोहोचताच मारण्यात आले. २ जुलै १९४४ रोजी ‘न्यूयॉर्क टाइम्स’ने छापले की चार लाख लोकांना मृत्यूकडे नेण्यात आले असून आणखी साडेतीन लाख जाण्याच्या मार्गावर आहेत. त्या दिवशी गाड्या अजून चालू होत्या, म्हणजे वाचवण्याजोगी माणसे जिवंत होती. बातमी बाराव्या पानावर, चार इंचांत आटोपली. त्याच दिवशी पहिल्या पानावर सुट्टीनिमित्त शहराबाहेर निघालेल्या न्यूयॉर्ककरांच्या गर्दीचा वृत्तांत होता.

हे आम्ही कोणा टीकाकाराच्या तोंडचे सांगत नाही. त्याच वर्तमानपत्राला दीडशे वर्षे झाली तेव्हा, नोव्हेंबर २००१ मध्ये, त्याचे माजी कार्यकारी संपादक मॅक्स फ्रँकेल यांनी त्याच वर्तमानपत्रात ही कबुली लिहिली. ते स्वतः लहानपणी नाझी जर्मनीतून निसटलेले यहुदी होते. पुढे २००५ साली लॉरेल लेफ या प्राध्यापिकेने सगळे अंक चाळून पुस्तक लिहिले. युद्धाच्या सहा वर्षांत या एका दैनिकाने युरोपातील यहुद्यांवर ११८६ मजकूर छापले. त्यांपैकी पहिल्या पानावर आले फक्त २६. आणि ज्यांना मारले जात आहे ते मुख्यतः यहुदी आहेत, हे पहिल्या पानावर स्पष्ट दिसले ते केवळ सहा वेळा.

असे का झाले? तीन कारणे सांगता येतात आणि तिन्ही आपल्या ओळखीची आहेत.

पहिले कारण, एकदा फसलेल्याचा संशय. पहिल्या महायुद्धात, १९१७ साली, जर्मन लोक सैनिकांच्या प्रेतांपासून चरबी काढण्याचा कारखाना चालवतात अशी कथा ब्रिटिश पत्रांनी छापली होती. ती खोटी ठरली. त्यामुळे पुढच्या पिढीचे संपादक खरी भयकथा ऐकूनही मान हलवू लागले. ऑगस्ट १९४४ मध्ये पत्रकार अलेक्झांडर वर्थ यांनी माय्दानेकची छावणी डोळ्यांनी पाहून सविस्तर वृत्त पाठवले, तर बीबीसीने ते वापरण्यास नकार दिला. त्यांना तो रशियनांचा प्रचार वाटला. एका खोट्या बातमीने पंचवीस वर्षांनंतरच्या खऱ्या बातमीचा गळा असा दाबला.

दुसरे कारण, लोक काय म्हणतील ही भीती. ‘टाइम्स’चे मालक आर्थर सुल्झबर्गर स्वतः यहुदी होते. आपले पत्र यहुद्यांचे पत्र म्हणून ओळखले जाऊ नये, याची त्यांना फार काळजी होती. सरकारांनाही हे युद्ध यहुद्यांसाठी चालले आहे असे दिसायला नको होते. म्हणून बळी गेलेल्यांना ‘निर्वासित’, ‘नागरिक’, ‘पोलिश लोक’ अशी नावे मिळत. मेलेल्या माणसाचे नावच पुसले गेले.

तिसरे कारण, मनाची क्षमता. यान कार्स्की हे पोलंडमधील कॅथलिक तरुण. त्यांनी जिवावर उदार होऊन १९४२ मध्ये वॉर्सातील यहुद्यांच्या कोंडवाड्यात दोनदा प्रवेश केला आणि पाहिलेले सारे लंडनला आणि पुढे वॉशिंग्टनला जाऊन सांगितले. अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाच्या एका यहुदी न्यायमूर्तींनी शांतपणे ऐकून घेतले आणि तुम्ही खोटे बोलत नाही, पण माझा विश्वास बसत नाही, अशा अर्थाचे उत्तर दिले. बुद्धीला कळले, अंतःकरणापर्यंत पोहोचले नाही.

संत थॉमस अक्वायनस सांगतात की वस्तू जशी आहे तशी बुद्धीने तिला धरणे म्हणजे सत्य. मग सत्याला आकारही असतो, वजनही असते. डोंगराएवढी गोष्ट मुंगीएवढ्या अक्षरांत मांडली, तर एकही शब्द खोटा नसताना चित्र खोटे होते. बाराव्या पानावरच्या चार इंचांत चुकीचे विधान काही नव्हते. चुकली होती ती जागा. आणि जागा चुकली की वाचकाचे काळीजही आपली जागा सोडत नाही.

ख्रिस्तसभेचा आवाज

आपल्या मातेविषयी, ख्रिस्तसभेविषयी, न बोलता पुढे जाणे योग्य होणार नाही. पोप पायस बारावे यांनी १९४२ च्या नाताळच्या रेडिओ संदेशात, काही दोष नसताना केवळ राष्ट्र वा वंश यामुळे मृत्यूच्या दारी लोटल्या गेलेल्या लाखोंचा उल्लेख केला. यहुदी हा शब्द त्यात नव्हता. उघड बोलल्याने आणखी जीव जातील अशी त्यांना भीती होती, असे काही इतिहासकार म्हणतात. नाव घ्यायलाच हवे होते, असे दुसरे म्हणतात. २०२० साली व्हॅटिकनने त्या काळचे दप्तर अभ्यासकांसाठी खुले केले. त्यातून निघालेले एक पत्र २०२३ साली प्रसिद्ध झाले. १४ डिसेंबर १९४२ चे ते पत्र एका जर्मन जेज्विट धर्मगुरूंनी पोपमहोदयांच्या सचिवांना लिहिले होते आणि बेल्झेक छावणीत रोज सुमारे सहा हजार माणसे मारली जात असल्याचे त्यात म्हटले होते. न्याय देवाच्या हाती आहे. पण १९९८ साली व्हॅटिकनने आणि त्यानंतर २००० सालच्या ज्युबिलीत पोप जॉन पॉल दुसरे यांनी ख्रिस्ती लेकरांच्या अपराधांबद्दल पश्चात्ताप व्यक्त केला, हे आपण विसरू नये. ‘ला क्रुआ’नेही १९९८ साली आपल्या जुन्या लिखाणाबद्दल क्षमा मागितली.

बोलण्याची किंमत किती असते, हे हॉलंडमध्ये दिसले. रविवार, २६ जुलै १९४२. जर्मनांनी ताकीद दिलेली असतानाही तिथल्या कॅथलिक चर्चमधून यहुद्यांच्या हद्दपारीचा निषेध करणारे बिशपांचे पत्र वाचले गेले. सूड म्हणून पुढच्याच रविवारी कॅथलिक झालेल्या यहुद्यांना पकडण्यात आले. त्यांत तत्त्वज्ञानाच्या विदुषी, कार्मेलाईट भगिनी एडिथ स्टाइन होत्या. ९ ऑगस्टला औश्वित्झमध्ये त्यांची हत्या झाली. आज आपण त्यांना संत तेरेझा बेनेदिक्ता म्हणून वंदन करतो.

ज्या रविवारी ते पत्र वाचले गेले, त्याच दिवशी दूर दाखाऊच्या छावणीत दुसरे एक डच कार्मेलाईट विषारी इंजेक्शनने मारले गेले. फादर टायटस ब्रँड्स्मा. नायमेखनच्या कॅथलिक विद्यापीठात ते तत्त्वज्ञानाचे प्राध्यापक होते आणि कॅथलिक पत्रकारांचे आध्यात्मिक सल्लागारही. नाझींच्या डच पक्षाच्या जाहिराती छापण्याची सक्ती झाली, तेव्हा हे साठीतले, प्रकृतीने नाजूक धर्मगुरू गावोगावच्या संपादकांना स्वतः भेटायला निघाले. जाहिरात घेऊ नका, पत्र बंद पडले तरी चालेल, हा निरोप त्यांनी पोहोचवला. १९ जानेवारी १९४२ रोजी त्यांना अटक झाली. ज्या परिचारिकेच्या हातून ते इंजेक्शन दिले गेले, तिला त्यांनी आपली रोझरी दिली होती. पुढे तिनेच त्यांच्याविषयी साक्ष दिली. १५ मे २०२२ रोजी पोप फ्रान्सिस यांनी त्यांना संतपद बहाल केले. त्याच सोहळ्यात आपल्या भारताचे संत देवसहायम यांचाही गौरव झाला.

एका जाहिरातीसाठी कोणी प्राण देतो का, असे आपल्याला वाटेल. पण संत टायटस यांना ठाऊक होते की विष आधी कागदावर येते, मग रस्त्यावर.

छापील शब्द जीव वाचवू शकतो, याचीही साक्ष आहे. एप्रिल १९४४ मध्ये औश्वित्झमधून रुडॉल्फ व्हर्बा आणि आल्फ्रेड वेट्झलर हे दोन यहुदी तरुण निसटले. त्यांचा अहवाल जूनमध्ये स्वित्झर्लंडला पोहोचला. तिथल्या वर्तमानपत्रांनी सरकारी बंधने झुगारून काही आठवड्यांत साडेतीनशेहून अधिक मजकूर छापले. चर्चमधून प्रवचने झाली. जगभरातून हंगेरीच्या सत्ताधीशांवर दबाव आला. पोपमहोदयांचीही तार गेली. जुलैच्या सुरुवातीस गाड्या थांबल्या. बुडापेस्टमध्ये त्या वेळी सुमारे दोन लाख यहुदी उरले होते. पुढे त्यांच्यावर पुन्हा संकटे आली, तरी अनेकांचे प्राण वाचले. बाराव्या पानावरची बातमी आणि पहिल्या पानावरची बातमी यांत हा एवढा फरक आहे.

आपल्यासाठी

यहुदी म्हणजे कोणी दूरचे लोक, असे महाराष्ट्रात तरी आपण म्हणू नये. कोकणातले बेने इस्राएल शतकानुशतके मराठी बोलत, तेलाचे घाणे चालवत राहिले. शनिवारी शब्बाथ पाळून ते घाणा बंद ठेवत, म्हणून गावाने त्यांना ‘शनिवार तेली’ म्हटले. गावाने त्यांना टोपणनाव दिले, पण त्यांच्या घरांना आग लावली नाही. शेजाऱ्याविषयी काय बोलले जाते, यावर त्याचे जगणे अवलंबून असते.

आज आपल्या प्रत्येकाच्या हातात मोबाईल आहे. म्हणजे प्रत्येक घर एक छोटा छापखाना झाले आहे. कोणत्या बातमीला पहिले पान द्यायचे, हे आता आपणही ठरवतो. म्हणून या आठवड्यात पापनिवेदनाची तयारी करताना काही प्रश्न स्वतःला विचारू या. एखाद्या समाजाविषयी, जातीविषयी, धर्माविषयी आलेला मजकूर खरा आहे का हे न पाहता आपण पुढे पाठवतो का? आपल्या माणसांवर अन्याय झाला की आपण मोर्चा काढतो, आणि दुसऱ्याच्या घरावर दगड पडला की पान उलटतो का? ज्याचा बळी गेला त्याचे नाव घ्यायला आपली जीभ अडखळते का? आणि एकदा फसलो म्हणून कोणाच्याच दुःखावर विश्वास ठेवायचा नाही, असे आपण ठरवून टाकले आहे का?

आपण सगळ्या जगाचे दुःख वाहू शकत नाही. शोमरोनी मनुष्यानेही जगातील सर्व जखमी उचलले नाहीत. त्याच्या वाटेवर जो पडला होता, त्याच्यापाशी तो थांबला. त्याच्या जखमांवर तेल आणि द्राक्षारस ओतला, त्याला आपल्या जनावरावर बसवले आणि उतारशाळेच्या मालकाला पैसे दिले. आपल्याकडून प्रभू एवढेच मागतो. रोज सकाळी वर्तमानपत्र हाती घेतल्यावर आतल्या पानांतली निदान एक छोटी बातमी आपण थांबून वाचावी, त्या माणसासाठी एक ‘हे आमच्या बापा’ म्हणावे, आणि शक्य असेल तर हात पुढे करावा.

प्रार्थना करू या : हे प्रभो, तुझी पवित्र माता यहुदी होती, तुझे प्रेषित यहुदी होते, तू स्वतः यहुदी कुळात जन्मलास. आमची जीभ, आमची लेखणी आणि आमची बोटे खोटेपणापासून राख. जे आम्ही पाहतो त्याच्या पलीकडच्या बाजूने निघून जाण्यापासून आम्हांला आवर. संत फ्रान्सिस डी सेल्स आणि संत टायटस ब्रँड्स्मा, आमच्यासाठी विनंती करा. आमेन.